युरीन कल्चरला तीन दिवस का लागतात, आणि दोन लॅबचे रिपोर्ट वेगळे कसे येतात

तुमचा प्रश्न थोडक्यात असा, की सासूबाईंना लघवीला जळजळ आणि कणकण होती, मेडिकलमधून आणलेल्या गोळ्या दोन दिवस घेऊन झाल्यावर घराजवळच्या लॅबमध्ये युरीन कल्चर दिलं तर 'नो ग्रोथ' आलं, त्रास काही थांबेना म्हणून पाच-सहा दिवसांनी दुसरीकडे दिलं तर 'ई. कोलाय, एक लाखाच्या वर' आलं, मग खोटं कोण बोलतंय? आणि शुगर पाच मिनिटात येते तर ह्याला तीन दिवस कशाला, मुद्दाम लांबवतात का?

मी मायक्रोबायोलॉजीत आहे, रोज ह्याच प्लेट, म्हणजे जंतू वाढवायच्या बशा, बघते, तर आधी उत्तर सांगून टाकते. दोन्ही रिपोर्ट खरे असू शकतात. आणि ते तीन दिवस लॅबवाल्यांना लागत नाहीत, जंतूंना लागतात. आता नीट सांगते, लांबलंय थोडं, चहा घेऊन बसा.

शुगर किंवा क्रिएटिनिनमध्ये जे रक्तात आधीच आहे ते फक्त मोजायचं असतं. कल्चरमध्ये आम्ही मोजत नाही, वाढवतो. एक जंतू डोळ्याला दिसत नाही, पण तो प्लेटवर एका जागी बसून दोनाचे चार, चाराचे आठ असा वाढत गेला की त्याचा ठिपका दिसायला लागतो, त्याला कॉलनी म्हणतात. ई. कोलायला सगळं मनासारखं मिळालं तर तो साधारण २० मिनिटात दुप्पट होतो. वीस वेळा दुप्पट झाला की एकाचे दहा लाखांच्या वर होतात, म्हणजे कागदावर सात तासात काम व्हायला पाहिजे, पण तसं होत नाही, कारण लघवीतून उचलून प्लेटवर टाकला की तो आधी काही वेळ नुसता बसून राहतो, नवीन जागेची सवय करतो, मग वाढायला लागतो, आणि आम्हाला नुसता ठिपका नको असतो, रंग, कडा, चिकटपणा कळेल इतकी मोठी कॉलनी पाहिजे असते. म्हणून १८ ते २४ तास, ३५-३७ डिग्रीला इनक्युबेटरमध्ये. ह्यात घाई करायला वावच नाही. पैसे जास्त दिले म्हणून जंतू लवकर वाढत नाही.

पण खरी गडबड ह्याच्या आधीच होते, सँपल घेताना. माझं तर स्पष्ट मत आहे की युरीन कल्चरचा निम्मा रिपोर्ट लॅबच्या दारात यायच्या आधीच ठरलेला असतो आणि त्याबद्दल पेशंटला कोणी धड सांगत नाही, हातात डबी देतात आणि बाथरूम तिकडे म्हणून बोट दाखवतात.

मूत्राशयातली लघवी साधारणपणे जंतूविना असते असं धरून ही टेस्ट चालते, पण बाहेर येताना वाटेत, त्वचेवर, योनीमार्गाजवळ भरपूर जंतू असतात. म्हणून जागा साध्या पाण्याने धुवायची, सुरुवातीची धार सोडून द्यायची, मधली धार डबीत घ्यायची, शेवटची परत सोडायची. डबी निर्जंतुक, लॅबनेच दिलेली, झाकणाला आतून बोट लावायचं नाही. घरातली जॅमची बाटली उकळून आणतात लोक, ती चालत नाही. शक्यतो सकाळची पहिली लघवी, कारण रात्रभर मूत्राशयात राहून जंतूंची संख्या वाढलेली असते. लघवी होत नाही म्हणून दोन लिटर पाणी पिऊन दिलेलं सँपल इतकं पातळ असतं की आकडा खालीच येतो.

मग वेळ. खोलीच्या तापमानाला ठेवलं तर दोन तासाच्या आत प्लेट लागली पाहिजे, नाहीतर फ्रीजमध्ये ४ डिग्रीला ठेवायचं, तिथे २४ तासापर्यंत चालतं. तुम्ही लिहिलंय की दुसऱ्या वेळी सँपल सकाळी आठला घेतलं, लॅब उघडायची होती म्हणून गाडीच्या डिकीत राहिलं आणि अकराला दिलं. आता हिशोब करा. समजा त्यात मिलीलीटरला फक्त हजार जंतू होते, वाटेत चुकून आलेले, दखल न घेण्यासारखे. उन्हात तापलेल्या डिकीत तीन तास, दर २० मिनिटाला दुप्पट धरलं तर नऊ वेळा दुप्पट, हजाराचे पाच लाख. लघवीत ते इतक्या जोमाने वाढतीलच असं नाही, पण दिशा कळली ना? रिपोर्ट लाखाच्या वर, आणि लॅबचं काहीच चुकलेलं नाही.

पहिल्या सँपलचं बरोबर उलटं. गोळ्या चालू होत्या. बरीचशी अँटिबायोटिक किडनीतून लघवीतच उतरतात, त्यामुळे डबीत जंतूबरोबर औषधही असतं, मग प्लेटवर काय वाढणार? जंतू मेलेले किंवा दबलेले, रिपोर्ट 'नो ग्रोथ'. ह्याचा अर्थ इन्फेक्शन नव्हतं असा होत नाही, त्या दिवशी त्या डबीतून काही वाढलं नाही इतकाच होतो. पहिल्या रिपोर्टमध्ये पस सेल्स, म्हणजे पूच्या पेशी, २०-२५ लिहिलंय तुम्ही, म्हणजे शरीर कशाशी तरी भांडत होतं हे नक्की.

बरं, डबी लॅबमध्ये आली. आम्ही काय करतो, तर एक ठराविक मापाची लूप, म्हणजे टोकाला कडी असलेली काडी, असते, तिच्यात बरोबर एक मायक्रोलीटर म्हणजे एका मिलीलीटरचा हजारावा भाग लघवी येते. ती प्लेटवर पसरवायची. दुसऱ्या दिवशी जितक्या कॉलनी येतील त्याला हजाराने गुणायचं. शंभर कॉलनी म्हणजे मिलीलीटरला एक लाख. हा एक लाखाचा आकडा अमेरिकेतल्या एडवर्ड कास ह्यांच्या १९५० च्या दशकातल्या कामातून आला, किडनीचं इन्फेक्शन झालेल्या बायकांच्या लघवीत आणि नुसत्या वाटेतल्या भेसळीत फरक कसा करायचा हा त्यांचा प्रश्न होता. आकडा उपयोगी आहे पण दगडावरची रेघ नाही, जळजळ असलेल्या बाईत दहा हजार ई. कोलाय, एकटाच, सोबत पस सेल्स, हे आम्ही सोडून देत नाही. कॅथेटर, म्हणजे लघवीची नळी, घातलेली असेल तर परत हिशोब वेगळा.

प्लेटमध्ये जे घट्ट दिसतं ते अगार. समुद्री शेवाळातून काढतात, आपल्याकडे खरवस-पुडिंग जमवायला चायना ग्रास आणतो तेच हे. पूर्वी जर्मन जंतुशास्त्रज्ञ रॉबर्ट कॉख ह्यांच्या लॅबमध्ये जिलेटिन वापरायचे, ते ३७ डिग्रीला वितळून जायचं, वर काही जंतू तेच खाऊन पाणी करायचे. १८८१ मध्ये त्याच लॅबमध्ये काम करणाऱ्या वॉल्टर हेसे ह्यांच्या बायकोने, फॅनी हेसे ह्यांनी, स्वयंपाकात वापरतात ते अगार घालून बघा असं सुचवलं. अगार वितळायला ८५ च्या पुढे तापमान लागतं पण एकदा वितळलं की ४० च्या आसपास येईपर्यंत पातळ राहतं, आणि बहुतेक जंतूंना ते खाता येत नाही. आजही सगळ्या जगातल्या लॅब त्या एका सूचनेवर चालतात आणि कॉख ह्यांनी अगारबद्दल छापलं त्यात बाईंचं नाव नव्हतं, असो.

अगारमध्ये काय कालवलंय त्यावर प्लेट बदलते. लघवीसाठी बऱ्याच ठिकाणी क्लेड नावाचा अगार वापरतात किंवा मॅकॉन्की आणि ब्लड अगारची जोडी. मॅकॉन्कीत पित्ताचे क्षार आणि क्रिस्टल व्हायोलेट असतं, त्याने स्टॅफसारखे ग्राम पॉझिटिव्ह (म्हणजे काय ते पुढे येतंय) जंतू बहुतेक दबतात, आणि लॅक्टोज असतं. ज्याला लॅक्टोज पचवता येतं तो आम्ल तयार करतो आणि कॉलनी गुलाबी होते. ई. कोलाय गुलाबी, कोरडट, चपटा. क्लेब्सिएला पण गुलाबीच, पण लिबलिबीत, लूप लावली तर तार निघते. स्यूडोमोनास रंगहीन, बऱ्याचदा आजूबाजूला हिरवट झाक आणि द्राक्षासारखा गोडसर वास. प्रोटियस तर ब्लड अगारवर एका जागी राहतच नाही, लाटांसारखा अख्ख्या प्लेटभर पसरतो आणि बाकीच्यांना झाकून टाकतो, क्लेडमध्ये मीठ कमी ठेवतात ते त्याला आवरायला. प्रोटियस आला की सकाळी इनक्युबेटर उघडतानाच नाकाला कळतं. मुद्दाम प्लेट नाकाला लावून वास घ्यायचा नसतो हे विद्यार्थ्यांना रोज सांगावं लागतं.

वाढायची ढब बघून जंतू ओळखायची ही विद्या जुनी आहे आणि तिचा एक फार भारी किस्सा आपल्या मुंबईतला आहे. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला, लस बनवणारे शास्त्रज्ञ हाफकिन तिथे आले आणि ग्रँट मेडिकल कॉलेजमध्ये छोट्याशा जागेत कामाला लागले. ते मांसाच्या सूपात प्लेगचा जंतू वाढवायचे आणि वर तुपाचे थेंब सोडायचे, आपलं साधं तूप. भांडं हलवलं नाही तर त्या तुपाच्या थेंबांना खालून धरून जंतूंचे धागे लोंबायला लागायचे, गुहेत छताला चुनखडीचे सुळके लोंबतात तसे. ती वाढ बघून हा प्लेगचाच हे ओळखता यायचं, आणि हलवलं की धागे खाली पडायचे, नवीन पीक यायचं, त्यातूनच लस. १० जानेवारी १८९७ ला ती त्यांनी आधी स्वतःला टोचून घेतली. परळची हाफकिन इन्स्टिट्यूट त्यांच्याच नावाची. तिथून जाता-येता मला ते तूपच आठवतं.

तर दुसरा दिवस. सकाळी प्लेट बाहेर काढली. पहिला प्रश्न हा की एकच प्रकार आहे की खिचडी आहे. तीन किंवा जास्त प्रकारच्या कॉलनी, कुणाचंच वर्चस्व नाही, म्हणजे वाटेतली भेसळ, रिपोर्ट जातो 'मिक्स्ड ग्रोथ, सँपल परत द्या'. ह्यावर लोक काउंटरवर येऊन भांडतात, की पैसे घेतले आणि रिपोर्ट नाही. अहो, त्यातला एक जंतू उचलून नाव आणि औषधांची यादी देणं आम्हाला सोपंच आहे, पेशंटही खूश होईल, पण ती गोळी चुकीच्या जंतूसाठी असेल. मिक्स्ड लिहिणारी लॅब जास्त प्रामाणिक समजा.

एकच प्रकार असेल तर सुटी, एकटी कॉलनी उचलायची. हे 'सुटी' फार महत्त्वाचं. प्लेटवर आडव्या-तिरक्या रेघोट्या मारायची जी पद्धत असते, स्ट्रीकिंग म्हणतो, ती ह्याच साठी की शेवटच्या रेघेपर्यंत जंतू इतके विरळ व्हावेत की एकेक वेगळा बसेल. दोन जंतू मिसळलेले उचलले तर पुढच्या सगळ्या टेस्टला अर्थ नाही. नवीन मुलगा लॅबमध्ये आला की मी त्याचं सर्टिफिकेट बघत नाही, त्याची स्ट्रीक केलेली प्लेट बघते.

मग ग्राम स्टेन, म्हणजे जंतूंना रंग देऊन बघणं. १८८४ ची पद्धत, आजपर्यंत हटली नाही. क्रिस्टल व्हायोलेट, आयोडिन, मग ॲसिटोन किंवा अल्कोहोलने धुणं, मग सॅफ्रानिन. पेशीभित्ती जाड असेल तर जांभळा रंग धरून ठेवते, ते ग्राम पॉझिटिव्ह. पातळ असेल तर रंग धुऊन जातो आणि नंतरचा गुलाबी चढतो, ते ग्राम निगेटिव्ह. सगळं कौशल्य त्या धुण्यात, दोन सेकंद जास्त झाले की जांभळेही गुलाबी दिसतात.

लघवीत बहुतेक वेळा गुलाबी दांडके दिसतात. पुढे ऑक्सिडेज टेस्ट, रसायन लावलेल्या कागदावर कॉलनी घासायची, दहा सेकंदात जांभळं झालं तर स्यूडोमोनासकडे वळायचं, नाही झालं तर ई. कोलायच्या खानदानात. इथे नायक्रोमची लूप वापरायची नाही, त्यातल्या लोखंडाने खोटं पॉझिटिव्ह येतं, लाकडी काडी घ्यायची. मग बायोकेमिकल्सच्या नळ्या लावायच्या. पंगतीत कोण काय मागून घेतं आणि कोण काय पानात टाकतं ह्यावरून माणूस ओळखावा तसं आहे हे. ट्रिप्टोफॅनपासून इंडोल करतो का? कोवॅक्स रिएजंटचे थेंब टाकले की वर लालचुटुक कडं येतं, ई. कोलाय देतो, क्लेब्सिएला न्यूमोनी देत नाही. नुसत्या सायट्रेटवर जगतो का? हिरव्या मीडियाचा निळा होतो, क्लेब्सिएला करतो, ई. कोलाय नाही. युरिया फोडतो का? प्रोटियस काही तासात नळी गुलाबी करून टाकतो, क्लेब्सिएला सावकाश करतो, ई. कोलाय करतच नाही. कुठल्याही एका नळीवर नाव ठरत नाही, सगळ्यांचं मिळून ठरतं, आणि एखादी नळी बाकीच्यांशी जुळत नसेल तर आधी शंका कॉलनीच्या शुद्धतेवर घ्यायची. ह्या नळ्या परत ओव्हरनाईट. हा झाला तुमचा दुसरा दिवस.

त्याच दिवशी सेन्सिटिव्हिटी, म्हणजे कुठलं औषध ह्या जंतूवर चालतं ती टेस्ट, पण लावतो. कॉलनी सलाईनमध्ये मिसळून ठराविक गढूळपणा आणायचा, ०.५ मॅकफारलंड म्हणतात, मिलीलीटरला साधारण १५ कोटी जंतू. ते म्युलर-हिंटन अगारवर स्वॅबने सगळीकडे सारखं पसरवायचं आणि औषधाच्या कागदी चकत्या ठेवायच्या. अगारची जाडी ४ मिलीमीटरच पाहिजे, पातळ ओतला तर चकतीभोवतीचे झोन उगाच मोठे येतात, सेन्सिटिव्ह नसलेला जंतूही सेन्सिटिव्ह, म्हणजे औषधाला दबणारा, दिसतो. १६-१८ तासांनी, म्हणजे तिसऱ्या दिवशी, चकतीभोवती जिथे जंतू वाढला नाही ते गोल वर्तुळ, म्हणजे झोन, मोजायचं.

आणि इथे एक गोष्ट सगळ्यांनी वाचा, कारण व्हॉट्सॲपवर रिपोर्टचे फोटो पाठवून लोक हेच विचारतात. सगळ्यात मोठा झोन म्हणजे सगळ्यात भारी औषध, असं नसतं. प्रत्येक औषधाची हद्द वेगळी. आम्ही सीएलएसआय ह्या लॅबची मानकं ठरवणाऱ्या अमेरिकन संस्थेचे तक्ते वापरतो, त्यात ई. कोलायसाठी नायट्रोफ्युरँटॉइनला १७ मिलीमीटर किंवा जास्त असेल तर सेन्सिटिव्ह, आणि सिप्रोफ्लॉक्सासिनला २६ किंवा जास्त पाहिजे, २१ किंवा कमी म्हणजे रेझिस्टंट, औषधाला न जुमानणारा. म्हणजे दोघांचाही झोन २० आला तर एक चालतं आणि दुसरं चालत नाही. त्यात परत नायट्रोफ्युरँटॉइन मूत्राशयात छान जमा होतं पण रक्तात आणि किडनीच्या आत पुरेसं पोचत नाही, प्रोटियसवर ते मुळातच चालत नाही, आणि किडनी कमजोर असेल तर डॉक्टर टाळतात. रिपोर्टमधल्या 'एस'च्या, म्हणजे सेन्सिटिव्हच्या, रांगेतून हात फिरवून मेडिकलमध्ये जायचं नाही ते ह्यासाठी. यादीत मेरोपेनेमपुढे एस बघून ते इंजेक्शन द्या म्हणून डॉक्टरांना आग्रह करणारे पण भेटतात, ते आयसीयूसाठी राखून ठेवायचं औषध आहे हो.

ह्याला मशीन नाहीत का, असंही विचारलंय तुम्ही. आहेत की. माल्डी-टॉफ नावाचं यंत्र जंतूच्या प्रथिनांच्या वजनाचा ठसा काढून काही मिनिटात नाव सांगतं, बायोकेमिकलच्या नळ्यांची एक रात्र वाचते. पण त्यालाही कॉलनीच द्यावी लागते, म्हणजे पहिली रात्र काही चुकत नाही, आणि ई. कोलाय आणि शिगेला हे इतके जवळचे नातलग की तिथे ते पण गोंधळतं. व्हायटेकसारखी यंत्रं नाव आणि सेन्सिटिव्हिटी काही तासात देतात, त्यांनाही शुद्ध वाढच लागते. मोठ्या हॉस्पिटलात ही असतात, तालुक्याच्या लॅबला यंत्राची किंमत आणि दर टेस्टला लागणाऱ्या कार्डाचा खर्च परवडत नाही, आणि खरं सांगायचं तर साध्या ई. कोलायसाठी चांगल्या हाताने लावलेल्या नळ्या पुरतात.

काही जंतू ह्या तीन दिवसांच्या हिशोबात बसतच नाहीत. टीबीचा जंतू दुप्पट व्हायला १५-२० तास घेतो, त्याला अंड्याचा हिरवट एल-जे मीडिया लागतो आणि सहा ते आठ आठवडे वाट बघावी लागते. म्हणून पस सेल्स भरपूर पण कल्चर सारखं 'नो ग्रोथ', गोळ्याही चालू नाहीत, असं परत परत झालं तर किडनीच्या टीबीची वेगळी तपासणी डॉक्टर लावतात. साध्या कल्चरच्या नो ग्रोथमध्ये तो धरलेलाच नसतो.

आता सासूबाईंचं. पस सेल्स, जळजळ, त्यावर एकटाच ई. कोलाय, मला दुसरा रिपोर्ट खरा असायची शक्यता जास्त वाटते, लाखाचा आकडा मात्र डिकीने फुगवलेला असू शकतो. दोन्ही रिपोर्ट आणि मेडिकलच्या गोळ्यांचं पाकीट घेऊन डॉक्टरांकडे जा. थंडी वाजून ताप, कंबरेत एका बाजूला दुखणं, उलट्या, किंवा त्या अचानक बरळायला लागल्या तर रिपोर्टची वाट बघत बसू नका, लगेच दाखवा. आणि त्रास पूर्ण गेला तर उगाच 'क्लिअर झालं का बघू' म्हणून परत कल्चर करू नका, ह्या वयात बऱ्याच बायकांच्या लघवीत काही त्रास नसताना जंतू सापडतात आणि त्याला औषध लागत नाही, गरोदर बाई किंवा मूत्रमार्गाचं ऑपरेशन होणार असेल तेवढं सोडून.

परत सँपल द्यायची वेळ आलीच तर गोळी सुरू करायच्या आधी द्या. सुरू झाली असेल तर फॉर्मवर गोळीचं नाव आणि शेवटची कधी घेतली ते लिहा, स्वतःच्या मनाने बंद करू नका, डॉक्टरांना विचारा. आणि घरून आणायचं असेल तर डबी बर्फाच्या पिशवीत, डिकीत नाही.